आधी खोलीची परीक्षा, मग राउटरची

प्रश्न थोडक्यात असा: छोट्या टीमला वाय-फाय राउटर आणि ॲक्सेस पॉइंट तपासायचे आहेत. ऑफिसातल्या टेबलावर मांडून आयपर्फ (वेग मोजणारं सॉफ्टवेअर) चालवलं, तर सकाळी ६०० मेगाबिट मिळतात आणि दुपारी ३८०. उपकरण तेच, फर्मवेअर तेच. मग पूर्ण चेंबर बांधावी की शील्डेड बॉक्स (रेडिओ सिग्नल अडवणारे धातूचे डबे) पुरतील, ॲटेन्युएटर (सिग्नल ठरावीक प्रमाणात दाबणारे भाग) किती लागतील, आणि आलेल्या आकड्यावर विश्वास कधी ठेवायचा?

बॉक्स घ्या. ॲनेकोइक चेंबर, म्हणजे आत परावर्तन न होणारी खोली, अँटेनाचा पॅटर्न आणि उत्सर्जित पॉवर मोजण्यासाठी लागते. थ्रूपुट, रेंज, रोमिंग, रात्रभराची स्थिरता यांसाठी तीन-चार चांगले बॉक्स, केबल आणि प्रोग्रामेबल ॲटेन्युएटर एवढ्यात बरंच काम होतं. पण खरेदीची यादी हा या प्रश्नातला सोपा भाग. नवी लॅब उभी राहिली की पहिले दोन महिने लोकांना वाटतं आपण राउटर तपासतोय. प्रत्यक्षात ते स्वतःची लॅबच मोजत असतात, आणि तिचे दोष राउटरच्या नावावर लिहीत असतात. मीही हे केलंय, म्हणून बोलतोय.

सुरुवात कागदावरच्या हिशोबाने करा. समजा ॲक्सेस पॉइंटच्या एका पोर्टमधून २० डीबीएम बाहेर पडतात (डीबीएम म्हणजे सिग्नलची ताकद, डीबी म्हणजे तिच्यातली घट; उणे आकडा जितका मोठा तितका सिग्नल कमजोर). चार-वाटी स्प्लिटर साधारण ७ डीबी खातो (६ तर विभागणीतच जातात), केबल आणि कनेक्टर मिळून ३, प्रोग्रामेबल ॲटेन्युएटर शून्यावर ठेवला तरी त्याचे स्वतःचे ७ असतात, आणि मध्ये ४० डीबीचा एक स्थिर ॲटेन्युएटर टाकला. झाले ५७. म्हणजे क्लायंटला (राउटरला जोडलेल्या फोन-लॅपटॉपला) −३७ डीबीएम मिळतील. ५.५ गिगाहर्ट्झला मोकळ्या हवेत १ मीटरला सुमारे ४७ डीबी जातात आणि ३ मीटरला ५७, म्हणजे हा सेटअप शून्यावर असताना क्लायंट राउटरपासून तीनेक मीटरवर बसल्यासारखा आहे. तो स्थिर ॲटेन्युएटर ‘कशाला उगाच’ म्हणून ३० चा घेतला, तर क्लायंटवर −२७ डीबीएम आदळतात. ५ गिगाहर्ट्झमध्ये रिसीव्हरने −३० पर्यंतचा सिग्नल झेलावा एवढीच मानकाची अपेक्षा आहे. त्यापुढे रिसीव्हर गुदमरतो आणि जवळ आणल्यावर स्पीड कमी झाला असा चमत्कार दिसतो. दोन उपकरणं एकाच बॉक्समध्ये शेजारी ठेवून ‘बेस्ट केस’ मोजणारे नेमके इथे फसतात.

आता दुसरं टोक. क्लायंटला −९० पर्यंत न्यायचं तर एकूण ११० डीबीचा रस्ता हवा. याचा अर्थ केबल सोडून इतर कुठल्याही वाटेने, म्हणजे दाराच्या फटीतून, पॉवरच्या वायरीवरून, इथरनेटच्या फिल्टरमधून येणारा सिग्नल ११० पेक्षा निदान १५-२० डीबी जास्त दबलेला असला पाहिजे. बॉक्सच्या कागदावर ८० डीबी लिहिलेलं असतं, पण ते बहुधा रिकाम्या, बंद बॉक्सचं. त्याला नेटवर्क आणि पॉवरचे पोर्ट बसवले की आकडा उतरतो, आणि ५-६ गिगाहर्ट्झला आणखी उतरतो. म्हणून ॲक्सेस पॉइंट एका बॉक्समध्ये आणि क्लायंट दुसऱ्या बॉक्समध्ये, हा नियम मोडू नका. क्लायंट टेबलावर मोकळा ठेवून फक्त राउटर बॉक्समध्ये घालणं म्हणजे एकच खिडकी बंद करून खोली साउंडप्रूफ झाली म्हणणं.

बाहेरचं आत येतं त्याचाही हिशोब करा. खिशातला फोन २.४ गिगाहर्ट्झवर १५ डीबीएमने बोलतोय आणि तुम्ही बॉक्सपासून अर्ध्या मीटरवर उभे आहात. हवेत ३४ डीबी गेले, बॉक्सच्या भिंतीपाशी −१९ पोचले. बॉक्स प्रत्यक्षात ६० डीबीचाच निघाला, तर आत −७९. वाय-फायचा नियम असा की −८२ किंवा त्याहून जोरात दुसऱ्या वाय-फायचा प्रिअँबल (पॅकेटच्या सुरुवातीची खूण) ऐकू आला तर गप्प बसायचं. तेव्हा तुमचा राउटर आज्ञाधारकपणे गप्प बसतो आणि आलेखात खड्डा पडतो. आमच्याकडे एका सेटअपवर रोज ठरावीक वेळी थ्रूपुट कोसळायचं. कारण एवढंच की त्या वेळी रीडिंग उतरवून घ्यायला माणूस यायचा, आणि त्याच्या फोनचा हॉटस्पॉट चालू असायचा. धातूने मढवलेल्या खोलीत बाहेरची वीज शिरत नाही हे फॅरेडेने १८३६ साली दाखवलं, पण त्या खोलीला नेटवर्क केबलसाठी भोक पाडायची वेळ त्याच्यावर आली नव्हती.

हे सगळं तपासायला महागडं यंत्र लागत नाही. ॲटेन्युएटर ३-३ डीबीने वाढवत जा, प्रत्येक पायरीवर क्लायंटचा आरएसएसआय (त्याला जाणवणारी सिग्नलची ताकद) नोंदवा आणि आलेख काढा. ३ वाढवले की ३ उतरले पाहिजेत, म्हणजे सरळ तिरकी रेष. ती वरच्या टोकाला चपटी झाली तर रिसीव्हर भरून वाहतोय, स्थिर ॲटेन्युएटर वाढवा. खालच्या टोकाला चपटी झाली, म्हणजे तुम्ही ॲटेन्युएटर वाढवताय आणि आरएसएसआय −८४ वर ठाण मांडून बसलाय, तर सिग्नल केबलमधून येतच नाहीये, तो चोरवाटेने येतोय. तिथून पुढची सगळी रीडिंग रद्दी. आरएसएसआय हा काही कॅलिब्रेट केलेला आकडा नव्हे. एक फोन −६० म्हणेल तिथे दुसरा −६५ म्हणेल. पण आपल्याला इथे आकड्याशी देणंघेणं नाही, रेषेच्या सरळपणाशी आहे.

याचीच दुसरी चाचणी: आरएफ केबल काढा, बॉक्सच्या पोर्टवर आणि ॲटेन्युएटरच्या तोंडावर ५० ओमचे टर्मिनेटर लावा आणि क्लायंटला दहा मिनिटं स्कॅन करू द्या. नुसतं पोर्ट उघडं ठेवू नका, उघडं पोर्ट म्हणजे छोटासा अँटेनाच. या अवस्थेत क्लायंटला नेटवर्कचं नाव दिसलं, तर दाराचं गॅस्केट (फट बुजवणारी पट्टी) पुसा, कड्या तपासा, मग फिल्टर. गॅस्केटवर बोटांचा तेलकटपणा आणि धूळ बसते, बॉक्स सहा महिन्यांत दहा डीबीने ‘म्हातारा’ होतो आणि कुणाच्या लक्षातही येत नाही. ही चाचणी आम्ही महिन्यातून एकदा करतो.

कनेक्टरबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण सगळ्यात जास्त दिवस इथे वाया जातात. राउटरच्या अँटेनाचे कनेक्टर बहुतेक आरपी-एसएमए असतात आणि लॅबची उपकरणं साध्या एसएमएची. आटे दोघांचे सारखेच. आरपी-एसएमएचा मेल कनेक्टर हातात घेऊन आत बघा. मधोमध पिन नाही, भोक आहे. साध्या एसएमएच्या फीमेलमध्येही भोकच. दोघं एकमेकांवर झकास फिरतात, घट्ट बसतात, आणि मधला संपर्कच होत नाही. पण सिग्नल पूर्ण बंद पडत नाही, ही खरी गंमत. दोन भोकांमधल्या फटीतून थोडा झिरपतोच, साखळी (त्या एका अँटेनाचा रेडिओ मार्ग) वीसेक डीबी कमकुवत चालते, आणि चारपैकी एकच अँटेना ‘खराब’ असल्याचा रिपोर्ट जातो. उलट जोडीत पिनवर पिन येते आणि जोर लावला तर दोन्ही मोडतात. ॲडॉप्टरच्या डब्याला दोन वेगळ्या रंगांचे कप्पे करा. बोटांनी घट्ट करणं पुरेसं नाही. टॉर्क रेंच वापरा, पितळी एसएमएला साधारण ०.५६ न्यूटन-मीटर. बोर्डावरचा यू.एफएल कनेक्टर तर ३० वेळाच काढघाल करण्यासाठी बनवलेला असतो. एका नमुन्यावर रोज दोनदा केबल काढली तर पंधरवड्यात त्याचं आयुष्य संपलं, त्यानंतर तुम्ही रेडिओ मोजत नाही, झिजलेला कनेक्टर मोजता. आम्ही पिगटेल (छोटी जोडकेबल) एकदा लावून गरम गोंदाने पक्की करतो आणि पुढची जोडणी दुसऱ्या टोकालाच करतो.

मायमोचा, म्हणजे एकाच वेळी अनेक अँटेना वापरण्याचा, घोळ वेगळाच. दोन अँटेनांचा राउटर आणि दोन अँटेनांचा क्लायंट समोरासमोर दोन केबलनी जोडले, तर दोन स्वच्छ नळ मिळतात, एकाचं पाणी दुसऱ्यात मिसळत नाही. प्रत्यक्ष घरात असं कधीच नसतं, त्यामुळे आकडे वास्तवापेक्षा देखणे येतात. कुणी केबल वाचवायला दोन्ही पोर्ट एका कंबाइनरमध्ये घातले तर उलटं होतं: दोन्ही स्ट्रीम (डेटाचे स्वतंत्र प्रवाह) एकाच नळातून येतात, रिसीव्हरला त्या वेगळ्या करता येत नाहीत, आणि लिंक एका स्ट्रीमवर घसरते. मधला मार्ग म्हणजे बटलर मॅट्रिक्स, ज्यात प्रत्येक इनपुट प्रत्येक आउटपुटला वेगवेगळ्या फेजने पोचतो. पैसे असतील तर चॅनल एम्युलेटर, म्हणजे खऱ्या जागेतल्या परावर्तनांची नक्कल करणारं यंत्र. त्यात वाय-फायसाठीचे ठरलेले चॅनल मॉडेल असतात: बी म्हणजे घरासारखं, १५ नॅनोसेकंदांचा आरएमएस डिले स्प्रेड (परावर्तित सिग्नल किती मागेपुढे पोचतात त्याचं माप), आणि डी म्हणजे ऑफिससारखं, ५० नॅनोसेकंदांचा. पैसे नसतील तर कमीत कमी रिपोर्टमध्ये लिहा की हे आकडे थेट केबलचे आहेत.

क्लायंट फोन असेल तर केबल लावायला जागाच नसते, बॉक्समध्ये अँटेना ठेवून हवेतूनच जोडावं लागतं. ५.५ गिगाहर्ट्झला तरंगलांबी साडेपाच सेंटिमीटरच्या आसपास. धातूच्या डब्यात परावर्तन इतकं की फोन पाव तरंगलांबी, म्हणजे जेमतेम १.४ सेंटिमीटर सरकला तर शिखराचा खड्डा होऊ शकतो. आत शोषक फोम लावा, फोनच्या आकाराची खाच असलेला फोमचा साचा करा, आणि केबल कुठून गेली होती त्याचा फोटो काढून ठेवा. ‘साधारण तिथेच ठेवला होता’ हे वाक्य ऐकलं की मी ते रीडिंग बाजूला टाकतो.

आता बऱ्याच क्लायंटची चाचणी. समजा एका स्प्लिटरवरून चार क्लायंट, प्रत्येकाला स्वतःचा ॲटेन्युएटर, प्रत्येकाचा राउटरपर्यंतचा रस्ता ५७ डीबीपेक्षा बराच लांब. आता क्लायंट एकमेकांना कसे ऐकतात? एकाच्या ॲटेन्युएटरमधून वर, स्प्लिटरच्या पोर्टांमधल्या वीसेक डीबीच्या आयसोलेशनमधून आडवं, मग दुसऱ्याच्या ॲटेन्युएटरमधून खाली. प्रत्येक फांदी ५० डीबीची धरली तर एकूण १२०. १५ डीबीएमने बोलणारा क्लायंट शेजाऱ्याला −१०५ वर पोचतो. २० मेगाहर्ट्झमधला औष्णिक नॉइजच −१०१ आहे (हर्ट्झमागे −१७४, त्यात ७३ मिळवा). म्हणजे चारही क्लायंट एकमेकांना ठार बहिरे. एकाच खोलीतल्या चार फोनांचं म्हणून जे दृश्य तुम्ही मांडलंत, ते चार वेगवेगळ्या तळघरांतल्या फोनांचं झालं. सगळे एकाच वेळी बोलतात, फ्रेम आदळतात, रिट्राय वाढतात, आणि दोष राउटरच्या शेड्युलरला (कोणी कधी बोलायचं ते ठरवणाऱ्या भागाला). यावर उपाय म्हणजे चारही क्लायंट एकाच बॉक्समध्ये ठेवणं आणि त्या बॉक्सला एकच ॲटेन्युएटर देणं. तीच गोष्ट मेशची, म्हणजे अनेक ॲक्सेस पॉइंटांच्या एका नेटवर्कची: दोन ॲक्सेस पॉइंट दोन बॉक्समध्ये असले की एकमेकांना ऐकतच नाहीत आणि चॅनल निवडताना खऱ्या घरात कधीच करणार नाहीत ते निर्णय घेतात. त्या दोघांमध्येही एक ॲटेन्युएटर लागतो. खरेदीच्या यादीत तो सगळे विसरतात.

बॉक्सच्या आत काय ठेवता तेही बघा. २.४ गिगाहर्ट्झवर एक राउटर सातत्याने कमी रेंज दाखवत होता. बिचाऱ्या फर्मवेअरवाल्यांना आम्ही दोन आठवडे कामाला लावलं. दोषी निघाला क्लायंट लॅपटॉपला लावलेला यूएसबी ३ चा इथरनेट डोंगल. यूएसबी ३ चा सिग्नल ५ गिगाबिटचा, त्याचा पसरट नॉइज बरोबर २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात येतो. इंटेलने २०१२ मध्येच यावर शोधनिबंध काढला होता, आणि त्यात नॉइज २० डीबीपर्यंत वाढल्याची मोजणी होती. आम्ही तो वाचला नव्हता. डोंगल यूएसबी २ च्या पोर्टला लावताच राउटर ‘सुधारला’. दुसरी आतली गोष्ट उष्णता. बंद डब्यात राउटर तापतो, चाळीसेक मिनिटांनी स्वतःची पॉवर उतरवतो किंवा एखादी साखळी बंद करतो. पंखा लावायचा तर हनीकोंब जाळीतूनच. तिची अरुंद, खोल भोकं हवा जाऊ देतात आणि या तरंगलांबीला अडवतात. आत तापमानाचा सेन्सर ठेवा आणि त्याचा आकडा थ्रूपुटच्या शेजारच्याच रकान्यात लिहा.

मोजायचं काय, यावर लोक तारेच्या जगातून सवयी आणतात. तारेच्या नेटवर्कसाठीच्या १९९९ च्या आरएफसी २५४४ या चाचणीपद्धतीत एकही पॅकेट न गळता मिळणारा कमाल वेग शोधतात. वाय-फायमध्ये पॅकेट गळतंच, रिट्राय ते झाकतं, आणि रेट कंट्रोल दर क्षणी वेग बदलतो. शून्य गळती शोधत बसलात तर तुम्ही राउटरची बफर मोजाल. त्यापेक्षा वेग विरुद्ध ॲटेन्युएशन असा पूर्ण आलेख काढा, दोन्ही दिशांचा वेगळा, आणि एकदा सिग्नल कमी करत, एकदा वाढवत. कमी करतानाचा आणि परततानाचा आलेख जुळला नाही तर रेट कंट्रोल कुठेतरी अडकतोय. प्रत्येक पायरीवर ६० सेकंद, पहिले दहा सोडून द्यायचे, तीन फेऱ्यांचा मध्यक. वाय-फायची मानकं ठरवणाऱ्या आय-ट्रिपल-ईने वायरलेस कामगिरीच्या चाचणीपद्धतीसाठी ८०२.११टी नावाचा गट काढला होता, तो अर्ध्यातच गुंडाळला गेला. घरगुती राउटरसाठी आज आधार घ्यायचा तर ब्रॉडबँड फोरमचं टीआर-३९८ आहे, पहिली आवृत्ती २०१९ ची. त्यात उत्तीर्ण-अनुत्तीर्णच्या मर्यादाही दिल्यात. सेन्सिटिव्हिटीसाठी मानकातला आकडा (२० मेगाहर्ट्झ, एमसीएस ० म्हणजे सर्वांत हळू वेग, −८२ डीबीएम, १० टक्के पॅकेट एरर) फक्त किमान पातळी आहे. चांगली उपकरणं त्याच्या बरीच खाली ऐकतात, त्यामुळे ‘मानकात बसतो’ हे काही प्रशस्तिपत्रक नाही.

एक झटपट लक्षण सांगतो. आयपर्फ सारखं ९४१ मेगाबिट दाखवत असेल तर अभिनंदन, तुम्ही गिगाबिट इथरनेट पोर्ट मोजलंत. टीसीपीची तिथली कमाल तेवढीच असते. ८०२.११एएक्सच्या (वाय-फाय ६ च्या) दोन स्ट्रीम १६० मेगाहर्ट्झवर २४०२ मेगाबिटची लिंक देतात, मागे निदान २.५ गिगाबिटची तार हवी. आणि ९४ दिसलं तर केबलची एखादी जोडी तुटली आहे.

विश्वास कधी ठेवायचा? आमच्याकडे एक राउटर आणि एक लॅपटॉप अशी ‘गोल्डन’ जोडी आहे. तिच्यावर फर्मवेअर बदलायला सक्त मनाई. रोज सकाळी पहिली फेरी तिची. जुन्या सरासरीपेक्षा ५ टक्क्यांहून जास्त फरक आला तर त्या दिवशी इतर काही मोजायचं नाही, आधी कारण शोधायचं. लोक कुरकुरतात, पण एका सोमवारी सगळेच राउटर एकदम ‘बिघडले’ तेव्हा गोल्डन जोडी जागेवर होती, म्हणून तासाभरात कळलं की बाकीच्या चाचणी-लॅपटॉपांनी शनिवारी रात्री वाय-फायचा ड्रायव्हर आपणहून अपडेट करून घेतला होता. क्लायंटचे अपडेट बंद करा आणि प्रत्येक निकालासोबत ड्रायव्हरचा क्रमांक स्क्रिप्टनेच लिहून घ्या, माणसावर सोडू नका. ५ गिगाहर्ट्झमध्ये रडारच्या चॅनलवर, म्हणजे ५२ ते ६४ आणि १०० ते १४४, राउटर बोलण्याआधी निदान ६० सेकंद नुसता ऐकतो. स्क्रिप्टने तेवढं थांबलं नाही तर ‘नेटवर्क दिसत नाही’ म्हणून चाचणी नापास होते.

रोमिंगला दोन ॲटेन्युएटर: एक सेकंदाला १ डीबीने वाढवायचा, दुसरा त्याच वेगाने कमी करायचा. दोन्हींना आज्ञा एकाच क्षणी गेली पाहिजे. मागेपुढे गेली तर मध्येच दोन्ही सिग्नल कमजोर असलेला क्षण तयार होतो आणि क्लायंट गोंधळतो. खंड किती मिलिसेकंदांचा पडला ते आयपर्फच्या सेकंदागणिक ओळींवरून कळत नाही, वायरशार्कमध्ये (पॅकेट पकडून दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये) शेवटचा जुना आणि पहिला नवा डेटा फ्रेम बघावा लागतो.

राहिला प्रश्न, बॉक्स आले की खऱ्या घरातली चाचणी बंद करावी का. नाही. दोन फर्मवेअरमध्ये कोणतं सरस हे बॉक्स सांगतो. घरात काय बिघडेल हे त्याला विचारलंच नसेल तर तो सांगत नाही. एका राउटरवर व्हिडिओ कॉल दर काही मिनिटांनी क्षणभर गोठतो अशा तक्रारी येत होत्या आणि आमच्याकडे तो तीन दिवस अखंड चालला. शेवटी एकाच्या घरी जाऊन पॅकेट पकडले. सिग्नल −७० च्या खाली गेला की लॅपटॉप दुसरं नेटवर्क शोधायला बॅकग्राउंड स्कॅन करत होता, आणि त्या वेळात आमचा राउटर त्याच्यासाठी फ्रेम साठवून न ठेवता फेकून देत होता. लॅबमध्ये ते दिसणं शक्यच नव्हतं. आकडे नितळ यावेत म्हणून तो स्कॅन आम्हीच सगळ्या चाचणी-लॅपटॉपांवर बंद करून ठेवला होता.